जुने जपानी मॉन्स्टरपट मोफत शोधायचे तर आधी नावं गोळा करा

इंटरनेट आर्काइव्ह या मोफत डिजिटल संग्रहाच्या साइटवर जाऊन नुसतं 'गॉडझिला' टाकलंत तर पदरी कचराच पडतो. ट्रेलर, गेम खेळताना रेकॉर्ड केलेले तासन्‌तासांचे व्हिडिओ, कुणीतरी घरातल्या खेळण्यांची लावलेली लुटुपुटूची लढाई, पॉडकास्ट, आणि या सगळ्याच्या तळाशी एखादा खरा सिनेमा. लोक दोन पानं चाळतात आणि 'तिथे काही नाही' म्हणून उठतात. असतं, पण भलत्याच नावाखाली असतं.

मी व्हिडिओ एडिटिंगचं काम करते. त्यामुळे सिनेमा सापडला की तो बघण्याआधी 'हा कुठला कट, म्हणजे कुठली संपादित आवृत्ती?' हे तपासायची खोड लागली आहे. या सिनेमांच्या बाबतीत ती फार उपयोगी पडते, कारण इथे एका सिनेमाचे दोन-दोन, तीन-तीन अवतार असतात आणि प्रत्येकाचं बारसं वेगळं झालेलं असतं.

नावं

पन्नास-साठच्या दशकात तोहो, दाइएई, निक्कात्सु, शोचिकु या जपानी कंपन्या सिनेमा काढायच्या. अमेरिकन वितरक तो विकत घ्यायचा, कापायचा, इंग्रजीत डब करायचा, जमलं तर मध्ये अमेरिकन नटांचे प्रसंग घुसडायचा आणि वर नवं नाव चिकटवायचा. टीव्हीला विकताना आणखी एक नाव, व्हिडिओ कॅसेट निघाली की आणखी एक.

गॉडझिलाचा दुसरा सिनेमा १९५५चा. अमेरिकेत तो १९५९मध्ये 'जायगँटिस, द फायर मॉन्स्टर' म्हणून लागला. गॉडझिलाच्या सिनेमातून गॉडझिलाचंच नाव गायब! १९६४मध्ये मोथ्राशी झालेली त्याची लढाई तिकडे 'गॉडझिला व्हर्सेस द थिंग' झाली. तीन डोक्यांचा घिडोरा अमेरिकन पोस्टरवर 'घिड्रा' होऊन आला. आणि जपानी लोक ज्या उडत्या राक्षसाला 'रादोन' म्हणतात तो जगभर 'रोदान' म्हणून ओळखला जातो.

पण खरा गोंधळ गामेराचा. दाइएईने १९६५मध्ये हा उडणारा कासव काढला, दिग्दर्शक नोरिआकी युआसा. अमेरिकेत तो पुढच्या वर्षी 'गामेरा द इन्व्हिन्सिबल' म्हणून गेला, आणि तिथे 'गामेरा'च्या स्पेलिंगमध्ये दोन 'एम' आहेत. एकच 'एम' टाकून शोधलंत तर ही प्रत हुकू शकते. पुढचे चार सिनेमे थेट अमेरिकन टीव्हीवर गेले आणि त्यांच्या नावांतून गामेराच काढून टाकला. बारुगोनशी लढाई (१९६६) म्हणजे 'वॉर ऑफ द मॉन्स्टर्स'. ग्याओसशी लढाई (१९६७) म्हणजे 'रिटर्न ऑफ द जायंट मॉन्स्टर्स'. विरास (१९६८) म्हणजे 'डिस्ट्रॉय ऑल प्लॅनेट्स'. गिरोन (१९६९) म्हणजे 'अटॅक ऑफ द मॉन्स्टर्स'. यातलं 'डिस्ट्रॉय ऑल प्लॅनेट्स' तोहोच्या त्याच वर्षीच्या 'डिस्ट्रॉय ऑल मॉन्स्टर्स'शी सरळ गल्लत करायला लावतं, आणि अपलोड करणाऱ्यांनी ती केलेलीही दिसते. १९८०च्या दशकात सँडी फ्रँक या अमेरिकन वितरकाने गामेराचे पाच सिनेमे वेगळ्या डबिंगसह परत आणले, तेव्हा कुठे बारुगोन, ग्याओस आणि गिरोनच्या सिनेमांच्या नावात गामेरा परतला.

निक्कात्सुचा 'गाप्पा' (१९६७) तर 'मॉन्स्टर फ्रॉम अ प्रीहिस्टॉरिक प्लॅनेट' म्हणून फिरतो. सिनेमात असा कुठलाही ग्रहबिह नाही. दक्षिण समुद्रातलं बेट आहे, तिथून पळवलेलं पिल्लू आहे आणि ते सोडवायला निघालेले आईबाप आहेत.

तर शोध सुरू करण्याआधी एक्सेलची शीट उघडा. रकाने हे: जपानी नाव, रोमन लिपीतलं जपानी नाव, अमेरिकन थिएटरातलं नाव, टीव्हीवरचं नाव, जपानी लांबी, अमेरिकन लांबी. शेवटचे दोन रकाने का, ते पुढे येईलच.

जपानी वाचता येत नसलं तरी अडत नाही. सिनेमाच्या इंग्रजी विकिपीडिया पानावर जा, भाषांच्या यादीतून जपानी निवडा आणि उघडलेल्या पानाचं शीर्षक जसंच्या तसं कॉपी करून शोधपेटीत टाका. जपानी माणसाने चढवलेल्या प्रतीवर इंग्रजी नाव बरेचदा नसतंच. रोमन लिपीतलं नाव टाकताना दीर्घ स्वर सांभाळा. 'दाइकाइजू' (महाकाय राक्षस) हा शब्द कुणी शेवटी एक 'यू' लिहून टाकतं, कुणी दोन, कुणी डोक्यावर आडवी रेघ असलेला 'यू'. पहिल्या दोन्ही तऱ्हा तरी करून बघाच.

शोधपेटी

डावीकडच्या फिल्टरमध्ये मीडिया प्रकार 'मूव्हीज' ठेवा, पण वर्षाच्या फिल्टरला हात लावू नका. वर्ष अपलोड करणारा भरतो. कुणी सिनेमाचं भरतं, कुणी डीव्हीडीचं, कुणी भरतच नाही. भाषेचीही तीच कथा. मी शोधपेटीत थेट लिहिते: 'मीडियाटाइप कोलन मूव्हीज', मग मोठ्या अक्षरांत 'अँड', मग 'टायटल कोलन' आणि अवतरणचिन्हांत नाव. हे सगळं अर्थातच इंग्रजी अक्षरांत, कोलनच्या मागेपुढे जागा न सोडता. ट्रेलर फार येत असतील तर शेवटी मोठ्या अक्षरांत 'नॉट' लिहून पुढे 'ट्रेलर' टाका. ढिगारा बराच कमी होतो.

चांगली प्रत सापडली की दोन गोष्टी करा. एक, अपलोड करणाऱ्याच्या नावावर टिचकी मारून त्याने आणखी काय चढवलंय ते बघा. या नादाची माणसं एका सिनेमावर थांबत नाहीत. दोन, खालच्या प्रतिक्रिया वाचा. 'तिसऱ्या रीळमध्ये आवाज मागे पडतो', 'हा टीव्हीचा कट आहे' अशी माहिती वर्णनात नसते, तिथे असते.

मिनिटं मोजा

आता त्या दोन रकान्यांचं काम. सिनेमाची लांबी हीच त्याची खरी ओळख. शीर्षक कुणीही काहीही देईल, मिनिटं खोटं बोलत नाहीत.

१९५४चा मूळ 'गोजिरा', इशिरो होंडाचा, ९६ मिनिटांचा आहे. १९५६चा अमेरिकन अवतार 'गॉडझिला, किंग ऑफ द मॉन्स्टर्स' साधारण ८० मिनिटांचा. त्यात रेमंड बर हा नट अमेरिकन वार्ताहर म्हणून घुसवलाय. त्याचे प्रसंग नंतर अमेरिकेत चित्रित झाले, म्हणून जपानी पात्रं त्याच्याशी बोलतात तेव्हा कॅमेरा मुद्दाम त्यांच्या पाठीमागे असतो. समोर उभी असते ती बदली माणसं. एकदा हे ध्यानात आलं की प्रत्येक जोडणी दिसायला लागते. एडिटिंग शिकणाऱ्याने हा सिनेमा मूळ प्रतीच्या शेजारी ठेवून जरूर बघावा. काम चलाख आहे, पण मूळ सिनेमातलं अणुबॉम्बचं दुःख त्यात पातळ झालंय.

'वारान' (१९५८) जपानीत ८७ मिनिटं, अमेरिकन 'वारान द अनबिलीव्हेबल' ७० मिनिटं. होंडाचाच १९५५चा हिममानवाचा सिनेमा अमेरिकेत १९५८मध्ये 'हाफ ह्यूमन' म्हणून ६३ मिनिटांत आटोपला. उलट गामेराचा पहिला सिनेमा अमेरिकेत वाढला: जपानीत ७८च्या आसपास, तिकडे ८६, कारण अमेरिकन लष्करी अधिकाऱ्यांची भांडणं मध्ये भरली. म्हणजे लांब प्रत तीच अस्सल, असाही नियम नाही.

एक खाचखळगा मात्र लक्षात ठेवा. 'गोजिरा' ९२ मिनिटांचा दिसला तर लगेच 'चार मिनिटं कापली' म्हणू नका. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा. युरोपातल्या पाल पद्धतीच्या डीव्हीडीवर तो २५ फ्रेमने पळवला जातो, त्यामुळे चार टक्के वेळ वाचतो. ९६ची ९२ तिथे होतात. फ्रेम एकही गेलेली नसते, फक्त आवाज जरासा चढा लागतो.

अर्धं चित्र

मिनिटं बरोबर असूनही प्रत निम्मीच असू शकते, आडवी कापलेली. पहिले तीन, म्हणजे १९५४ आणि १९५५चे गॉडझिला आणि १९५६चा रोदान, जुन्या चौकोनी आकारातलेच आहेत. ते चौकोनी दिसले तर ठीक. पण १९५७च्या 'द मिस्टेरियन्स'पासून तोहोचे हे सिनेमे रुंद पडद्यासाठी निघू लागले. रुंदी उंचीच्या जवळजवळ अडीचपट. दाइएईचे गामेराही रुंदच. टीव्हीला विकताना ही रुंदी डाव्या-उजव्या कडांनी छाटली आणि चाळीस टक्क्यांहून जास्त चित्र गेलं. माझ्या भाच्याला 'अटॅक ऑफ द मॉन्स्टर्स'ची अशीच एक प्रत दाखवत होते. गामेरा आणि गिरोन समोरासमोर उभे, आणि पडद्यावर एकटा गिरोन हवेत सुरी चालवतोय. त्याचं डोकंच सुरीसारखं आहे. 'मावशी, हा कुणाला मारतोय?' प्रश्न रास्त होता. गामेरा फ्रेमच्या बाहेर राहिला होता.

म्हणून डाउनलोड करण्याआधी तिथल्या प्लेअरमध्ये मधली एखादी लढाई चालवा. पात्रं कडेला अर्धी कापली जात असतील किंवा चित्र उगाच डावी-उजवीकडे सरकत असेल, तर ती टीव्हीची प्रत. रंगावरूनही कळतं. १६ मिलिमीटरच्या जुन्या प्रिंटमधला निळसर रंग आधी उडतो आणि सगळं गुलाबी-तांबडं होऊन बसतं, समुद्रसुद्धा. मला असल्या प्रती आवडतात, खोटं कशाला बोलू. पण पहिल्यांदाच बघणाऱ्याला दाखवू नये. हल्ली मात्र 'फोर के' असं मिरवत सॉफ्टवेअरने फुगवलेल्या प्रती दिसतात, त्यांच्या वाटेला मी जात नाही. चेहरे मेणाचे होतात, आणि तोहोचा स्पेशल इफेक्ट्सवाला एइजी त्सुबुराया याच्या लहान आकाराच्या इमारतींवरची धूळ, जी या सिनेमांची अर्धी गंमत आहे, पुसून जाते.

फाइल घेताना 'डाउनलोड ऑप्शन्स'खालचं 'शो ऑल' उघडा. तिथे अपलोड झालेली मूळ फाइल आणि आर्काइव्हने तिच्यापासून आपोआप बनवलेल्या लहान फाइली, दोन्ही दिसतात. जुन्या पानांवर ज्या फाइलच्या नावात '५१२ केबी' आहे ती सोडून द्या. साधारणपणे सगळ्यात मोठी फाइल मूळ असते. फाइल फार जड असेल तर त्याच यादीतला टॉरेंट घ्या. मध्येच नेट गेलं तर पहिल्यापासून सुरुवात करावी लागत नाही.

हक्कांचं काय

आर्काइव्हवर आहे म्हणजे मोकळा आहे, हा समज आधी काढून टाका. पानावर 'पब्लिक डोमेन' लिहिलेलं असतं ते अपलोड करणाऱ्याने स्वतः निवडलेलं असतं. अमेरिकेत १ जानेवारी १९९६पासून एका कायद्याने परदेशी कलाकृतींचे संपलेले हक्क, मूळ देशात ते जिवंत असतील तर, परत दिले. जपानने २००४पासून सिनेमाची मुदत ५०वरून ७० वर्षं केली. शिवाय १९७१च्या आधीच्या सिनेमांना जुना कायदा लागू होऊ शकतो, त्यात दिग्दर्शकाच्या मृत्यूनंतर ३८ वर्षं धरतात. होंडा गेला १९९३मध्ये. तेव्हा 'सत्तर वर्षं झाली, गोजिरा सुटला' असं म्हणून मोकळं होता येत नाही. तोहोच्या मूळ जपानी प्रती आर्काइव्हवर येतात आणि काढल्याही जातात. त्या मी उतरवून घेत नाही.

मग खात्रीचं काय उरतं? माझ्या मते सगळ्यात सुंदर गोष्ट हीच: १९२१चा मूकपट 'जिराइया', शोझो माकिनोचा, त्यात जपानचा पहिला मोठा सिनेमास्टार मात्सुनोसुके ओनोए. वीसेक मिनिटंच उरला आहे. माणूस हात जुळवतो, धुराचा लोट, आणि त्याच्या जागी प्रचंड बेडूक. कॅमेरा थांबवून केलेली साधी युक्ती, पण तिच्यात पुढच्या सगळ्या राक्षसांचं बी आहे. इतका जुना असल्याने अमेरिकेत तरी त्याचे हक्क संपलेले आहेत. हा बघून झाला की तोएई या जपानी कंपनीचा १९६६चा 'द मॅजिक सर्पंट' शोधा. तीच जिराइयाची गोष्ट, तोच बेडूक, समोर ड्रॅगन, पण आता रबरी सूटमध्ये आणि रंगीत. हा डब केलेल्या टीव्ही प्रतीतच जास्त फिरतो.

दुसरा गट स्वस्त डीव्हीडी संचांमध्ये पब्लिक डोमेन धरूनच वर्षानुवर्षं विकला गेलेल्या अमेरिकन प्रतींचा. शिंतोहो या जपानी कंपनीच्या 'सुपर जायंट' मालिकेतल्या सिनेमांची काटछाट करून अमेरिकेत 'स्टारमॅन'चे चार सिनेमे केले: 'अ‍ॅटॉमिक रूलर्स ऑफ द वर्ल्ड', 'इन्व्हेडर्स फ्रॉम स्पेस', 'अटॅक फ्रॉम स्पेस' आणि 'ईव्हिल ब्रेन फ्रॉम आउटर स्पेस'. महाकाय राक्षस नाहीत, पण घट्ट कपड्यातला केन उत्सुई उडतो आणि परग्रहवासी नाचत नाचत हल्ला करतात. मला याहून जास्त काही लागत नाही. दाइएईचा 'वॉर्निंग फ्रॉम स्पेस' (१९५६) जपानचा पहिला रंगीत विज्ञानपट. त्यातल्या पोटावर एकच डोळा असलेल्या तारामाशांची कल्पना तारो ओकामोतो या चित्रकाराची. हा ब्रिटनमध्ये 'द मिस्टीरियस सॅटेलाइट' नावाने लागला, तेव्हा तेही नाव शीटमध्ये टाका. दोन 'एम'वाली गामेरा प्रतही याच गटातली.

गॉडझिला आणि रंगीत गामेरा चांगल्या प्रतीत, राजरोस आणि तरी मोफत बघायचे तर जाहिराती दाखवून चालणाऱ्या सेवा आहेत: टुबी, प्लूटो टीव्ही, शाउट टीव्ही. कुठल्या देशात काय दिसेल आणि किती दिवस, याचा भरवसा नसतो, म्हणून मी आधी तिथे डोकावते आणि मग आर्काइव्हकडे वळते. सिनेमाऐवजी मालिका चालत असतील तर तोएईने २०२०मध्ये यूट्यूबवर आपल्या जुन्या स्पेशल इफेक्ट्सच्या मालिकांची वाहिनी काढली. कित्येक मालिकांचे पहिले भाग तिथे कंपनीने स्वतः ठेवले आहेत.

सबटायटल आणि न सापडणारे

जपानी प्रत मिळाली पण सबटायटल नसतील, तर एसआरटी फाइल, म्हणजे नुसत्या सबटायटलची फाइल, वेगळी शोधावी लागते. ती कुठल्या लांबीच्या प्रतीसाठी बनवली आहे ते आधी बघा. व्हीएलसी या मोफत प्लेअरमध्ये 'जी' आणि 'एच' या कळांनी सबटायटल पुढेमागे सरकवता येतात. सुरुवातीला जुळवून शेवटी परत फरक पडत असेल, तर तो सरकवून जाणार नाही. एक फाइल २४ची आणि दुसरी २५ची आहे. 'सबटायटल एडिट'सारख्या मोफत प्रोग्रॅममध्ये फ्रेम रेट बदलून घ्या, एका मिनिटाचं काम आहे.

काही नावांमागे मात्र धावू नका. किंगकाँगवरून जपानात निघालेले दोन सिनेमे, शोचिकुचा १९३३चा छोटा विनोदी मूकपट आणि १९३८चा एदो शहरातला (म्हणजे जुन्या तोक्योतला) किंगकाँग, दोन्ही हरवले आहेत. त्यांची छायाचित्रं आणि जाहिराती उरल्यात, पण रीळ नाही. 'पूर्ण सिनेमा' म्हणून काही दिसलं तर ते कुणीतरी स्थिरचित्रांवर संगीत लावून केलेलं असणार. हिममानवाचा मूळ जपानी सिनेमा हरवलेला नाही, पण डोंगरातल्या वस्तीचं चित्रण फार अपमानकारक असल्याने तोहोने तो घरी बघण्यासाठी कधी काढलाच नाही. अधिकृत प्रतीची वाट बघण्यात अर्थ नाही, आणि ज्या अंधुक प्रती फिरतात त्या बाहेर फुटलेल्या आहेत.

सापडलेल्या प्रत्येक पानाचा पत्ता शीटमध्ये लिहून ठेवा, आणि पत्त्यात 'डिटेल्स'नंतर येणारा ओळख-शब्दही वेगळा उतरवा. त्याच पत्त्यात 'डिटेल्स'च्या जागी 'डाउनलोड' लिहिलं की त्या पानाच्या सगळ्या फाइलींची साधी यादी उघडते, आणि प्लेअर अडून बसला तरी सिनेमा हाती लागतो.